गुप्त ग्रंथालयाची कल्पना आणि खानदेशातील ग्रंथपरंपरा : एक समीक्षा

प्रस्तावना

ग्रंथालय म्हटले की ग्रंथ, ग्रंथपाल आणि वाचक हे तीन घटक ओघाने येतात. डॉ. एस. आर. रंगनाथन यांनी १९३१ मध्ये मांडलेल्या ग्रंथालयशास्त्राच्या पाच सूत्रांतही ग्रंथाइतकेच महत्त्व वाचकाला दिलेले आहे. साहित्यात मात्र असे एक ग्रंथालय पुन:पुन्हा आढळते, ज्यात ग्रंथ अगणित असतात, ग्रंथपाल बहुधा एखादा सिद्धपुरुष असतो आणि वाचक जवळजवळ नसतोच. हे ग्रंथालय कधी हिमालयापलीकडच्या गुहांत असते, कधी आकाशतत्त्वात, तर कधी अंत नसलेल्या दालनांच्या रूपात. तेथे सर्व ज्ञान साठवलेले आहे आणि केवळ अधिकारी व्यक्तीलाच तेथे प्रवेश आहे, हा या कल्पनेचा गाभा होय.

ही कल्पना कथा-कादंबऱ्यांपुरती राहिली असती तर तिची फारशी चिकित्सा करण्याचे कारण नव्हते. परंतु राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० नंतर भारतीय ज्ञानप्रणाली हा विषय पदवी अभ्यासक्रमात आला. विषय आवश्यकच आहे, किंबहुना तो यापूर्वीच यावयास हवा होता. मात्र त्या निमित्ताने होणाऱ्या व्याख्यानांत आणि चर्चासत्रांत ‘लुप्त’, ‘गुप्त’, ‘अगम्य’ ही विशेषणे ज्या सहजतेने वापरली जातात, ती पाहता दुसऱ्या लोकातील ग्रंथालयाने वर्गखोलीत प्रवेश केला आहे की काय, अशी शंका येते. म्हणून या कल्पनेची काही ठळक रूपे तपासून, जळगाव आणि धुळे या जिल्ह्यांत प्रत्यक्ष उपलब्ध असलेल्या ग्रंथपरंपरेच्या पुराव्याशी ती ताडून पाहण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे. ज्ञान दुर्गम का होते, या एका प्रश्नाचे दोन्हीकडे मिळणारे उत्तर वेगवेगळे आहे, आणि तो फरकच येथे महत्त्वाचा मानला आहे.

श्रद्धेचे ग्रंथालय आणि संशयाचे ग्रंथालय

आधुनिक काळात गुप्त ग्रंथालयाच्या कल्पनेला सर्वाधिक बळ दिले ते थिऑसॉफिकल सोसायटीच्या वाङ्मयाने. या संस्थेच्या संस्थापिका मादाम ब्लाव्हाट्स्की आणि कर्नल ऑल्कॉट १८७९ मध्ये मुंबईत आले. १८८२ च्या अखेरीस अड्यार येथे स्थलांतर होईपर्यंत संस्थेचे मुख्य ठाणे मुंबईतच होते. पुढे १८८८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’ या ग्रंथाचा आधार म्हणून ब्लाव्हाट्स्कींनी एका अज्ञात प्राचीन पोथीचा दाखला दिला. त्याच ग्रंथाच्या प्रास्ताविकात मध्य आशियातील मठांच्या खाली, डोंगरांच्या पोटात दडलेल्या ग्रंथालयांचे वर्णन येते. ती पोथी कोणाही स्वतंत्र अभ्यासकाच्या हाती आजवर आलेली नाही. याच परंपरेतील लेखकांनी पुढे विश्वातील प्रत्येक घटनेची नोंद आकाशतत्त्वात होते, ही कल्पना विस्ताराने मांडली.

येथे एक गोष्ट नोंदविली पाहिजे. ‘आकाश’ हा शब्द संस्कृत आहे, म्हणून ही कल्पनाही प्राचीन भारतीय असावी असा समज सुशिक्षितांतही आढळतो. न्याय-वैशेषिक दर्शनात आकाश हा शब्दगुणाचा आश्रय मानला आहे, हे खरे. परंतु त्याच दर्शनात शब्द उत्पन्न होतो आणि नाश पावतो, तो आकाशात साठून राहत नाही. मीमांसकांनी शब्द नित्य मानला. तथापि त्यांनीही तो एखाद्या अदृश्य दप्तरखान्यात ठेवला नाही. वेद टिकला तो पद, क्रम, जटा, घन अशा पाठपद्धतींनी, म्हणजेच पिढ्यान्‌पिढ्या कंठ झिजवून. आकाशातील ग्रंथालय ही एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील निर्मिती असून तिने केवळ शब्द आपल्याकडून उसना घेतला आहे.

श्रद्धेच्या या ग्रंथालयासमोर संशयाचे ग्रंथालय उभे केले ते होर्हे लुईस बोर्हेस या अर्जेंटिनी लेखकाने. १९४१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ‘बाबेलचे ग्रंथालय’ या कथेत संपूर्ण विश्व हेच एक ग्रंथालय आहे. षट्कोनी दालने, प्रत्येक ग्रंथ ४१० पानांचा, प्रत्येक पानावर ४० ओळी, आणि २५ चिन्हांच्या शक्य त्या सर्व जुळण्या. साहजिकच आजवर लिहिलेला आणि पुढे लिहिला जाणारा प्रत्येक ग्रंथ तेथे आहे. आपल्या आयुष्याचा अर्थ सांगणारा ग्रंथ शोधण्यासाठी माणसे धावत सुटतात आणि अरुंद वाटांवर एकमेकांचे गळे धरतात. सर्व ग्रंथांची सूची असलेला एक ग्रंथ कोठेतरी असणारच, अशीही श्रद्धा तेथे रूढ होते. परंतु ज्या संग्रहात सत्यासोबत त्याची अगणित असत्य रूपेही तितक्याच सन्मानाने मांडलेली आहेत, त्या संग्रहात ज्ञान असून नसल्यासारखेच होय. बोर्हेसच्या कथेचे मर्म हेच आहे. अनेक वाचक ही कथा गूढवादी म्हणून वाचतात. वस्तुतः ती गूढवादाची कठोर तपासणी आहे. लेखक स्वतः ब्वेनोस आयरिस येथील नगर ग्रंथालयात नोकरी करीत होता, आणि १९५५ मध्ये तो राष्ट्रीय ग्रंथालयाचा संचालक झाला तेव्हा त्याची दृष्टी जवळजवळ गेलेली होती, हे लक्षात घेतले म्हणजे वाचकाविना ग्रंथ या जाणिवेची धार अधिक कळते.

उंबेर्तो एको यांच्या ‘द नेम ऑफ द रोझ’ (१९८०) या कादंबरीत गूढता आणखी जमिनीवर येते. मठातील ग्रंथालयाची मांडणी केवळ ग्रंथपालांनाच ठाऊक असते. ॲरिस्टॉटलचा विनोदावरील हरवलेला ग्रंथ तेथे असतो, आणि तो कोणी वाचू नये म्हणून एक अंध वृद्ध साधू माणसे मरू देतो. अखेर ग्रंथालय जळते. ज्ञान गुप्त असते असे एको म्हणत नाहीत, ते कोणीतरी गुप्त ठेवते असे दाखवितात. हा भेद मराठी संदर्भात विशेष उपयोगी पडतो.

पैठणची कथा आणि कोरा कागद

महाराष्ट्राच्या भूमीशी निगडित अशा ग्रंथकथा पाहू लागल्यास एक वेगळेपण चटकन जाणवते. परलोकीचे ज्ञान आपल्याकडच्या कथांतही आहे. मात्र ते कोठे दडून बसत नाही, ते माणसांकडे येऊ पाहते. सोमदेवाच्या ‘कथासरित्सागरा’त आलेली गुणाढ्याची कथा या दृष्टीने मुळातून अभ्यासावी अशी आहे. शिवाने पार्वतीला एकांतात सांगितलेली कथा एक गण चोरून ऐकतो, शाप होतो, आणि ती कथा पृथ्वीवर उतरते. म्हणजे गुप्त ज्ञानाची गळती ही कथेची सुरुवातच आहे. प्रतिष्ठानच्या सातवाहन राजाच्या दरबारातील गुणाढ्य एका पैजेत हरतो, संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा या तिन्ही भाषांचा त्याग करतो आणि विंध्यारण्यात जातो. तेथे पिशाचांच्या भाषेत तो ही कथा ऐकतो आणि शाई नसल्यामुळे स्वतःच्या रक्ताने ७ वर्षांत ७ लाख श्लोक लिहितो.

राजा तो ग्रंथ नाकारतो. कारणे दोन: भाषा पैशाची आणि अक्षरे रक्ताची. मग गुणाढ्य अग्निकुंड पेटवितो आणि एकेक पान वाचून त्यात टाकतो. रानातले पशुपक्षी चरणे सोडून भोवती ऐकत उभे राहतात. उपाशी जनावरांचे शुष्क मांस खाऊन राजा आजारी पडतो, चौकशी होते, राजा धावत येतो, तेव्हा एक लाख श्लोक तेवढे उरलेले असतात.

या कथेत ग्रंथ दुर्मीळ झाला तो दूर होता म्हणून नव्हे. तो राजाच्या हातात होता. श्रोत्याने भाषेवरून त्याची प्रत ठरविली आणि सहा लाख श्लोक राख झाले. मूळ ‘बृहत्कथा’ आज उपलब्ध नाही, क्षेमेंद्र, बुधस्वामी, सोमदेव यांच्या संस्कृत रूपांतरांतूनच ती जाणता येते, हा वाङ्मयेतिहासही कथेला विलक्षण साक्ष देणारा आहे. हलक्या मानलेल्या भाषेतील ग्रंथ गेला आणि प्रतिष्ठित भाषेतील रूपांतरे उरली.

खानदेशातील दुसरी कथा सर्वपरिचित आहे. तापी-पूर्णेच्या संगमावरील चांगदेव हे गाव मुक्ताईनगर तालुक्यात येते. आख्यायिकेनुसार चौदाशे वर्षे जगलेला, सर्व सिद्धी प्राप्त केलेला योगी चांगदेव ज्ञानेश्वरांना पत्र लिहावयास बसला. वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा, की ज्ञानाने थोर म्हणून नमस्कार, हे न ठरल्याने त्याने कोरा कागदच पाठविला. उत्तरादाखल ज्ञानेश्वरांनी ६५ ओव्या लिहिल्या, त्याच ‘चांगदेव पासष्टी’. चौदाशे वर्षांचे गुप्त ज्ञान आणि त्याचा लिखित आविष्कार म्हणजे एक कोरे पान! आख्यायिकेतील हा विनोद आपण भक्तिभावाच्या भरात बहुधा विसरतो. सिद्धींचा संग्रह कितीही मोठा असो, मायना ठरल्याशिवाय पत्र लिहिता येत नाही. ज्ञान दुसऱ्याला सांगण्यासाठी समोरचा कोण आहे हे आधी ओळखावे लागते, आणि नेमके तेथेच चांगदेव अडला.

जी. ए. कुलकर्णी यांच्या ‘रमलखुणा’ (१९७५) मधील ‘प्रवासी’ आणि ‘इस्किलार’ या दीर्घकथांतही अंतिम ज्ञानाचा शोध प्रवासातून, खुणांतून आणि माणसांच्या भेटींतून होतो. मराठी कल्पनाशक्तीने ज्ञानासाठी कपाटे फारशी उभारली नाहीत, तिने वाट आणि गाठभेट उभारली, असे म्हणण्यास येथे जागा आहे.

पाटणचा मठ : तेलाचा हिशेब

चांगदेव हे नाव खानदेशात आणखी एका संदर्भात येते आणि दोन्हींची गल्लत अनेकदा होते. चाळीसगावजवळील पाटण, म्हणजे आजचे पाटणादेवी, येथील भवानीच्या मंदिरातील शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी १८६५ मध्ये प्रकाशात आणला. पुढे कीलहॉर्न यांनी ‘एपिग्राफिया इंडिका’च्या पहिल्या खंडात (१८९२) त्याचे संपादन केले. शके ११२८ चा उल्लेख असलेल्या या लेखातील चांगदेव हा भास्कराचार्यांचा नातू आणि यादव राजा सिंघण याचा प्रमुख ज्योतिषी होय. आजोबांच्या ‘सिद्धान्तशिरोमणी’ आदी ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्याने पाटण येथे मठ स्थापन केला आणि निकुंभ वंशातील सोइदेव व हेमाडिदेव यांनी त्याला दाने दिली, असे या लेखात नमूद आहे.

लेखाचा बराचसा भाग संस्कृत पद्यात आहे. त्यात त्रिविक्रमापासूनची कुलपरंपरा, पूर्वजांच्या पदव्या, राजांची स्तुती असे सर्व काही यथासांग आहे. परंतु अखेरचा भाग जुन्या मराठीत आहे आणि तो शुद्ध व्यवहाराचा आहे. पाटणच्या बाजारात विक्रीस येणाऱ्या मालावर राजाला मिळणारा हिस्सा मठाला द्यावा, तेलाच्या घाण्यांवरून मठासाठी तेल यावे, अशा स्वरूपाच्या या तरतुदी आहेत. ज्यांना हा कर द्यावयाचा आणि घ्यावयाचा त्यांना समजावे म्हणून भाषा बदलली, हे उघड आहे.

गुप्त ग्रंथालयाच्या कोणत्याही कथेत तेलाचा हिशेब आढळत नाही. तेथील दिवे आपोआप जळतात, पोथ्यांना वाळवी लागत नाही आणि ग्रंथपालाला जेवावे लागत नाही. पाटणच्या मठात रात्री ग्रहगणित शिकणाऱ्या विद्यार्थ्यासमोर जो दिवा होता, त्यातील तेल गावातल्या तेल्याच्या घाण्यातून येत होते. शास्त्र संस्कृतात राहिले आणि तेलाची मागणी मराठीत झाली, ही विषमताही या शिळेवर स्पष्ट कोरलेली आहे. ज्याच्या तेलावर मठ चालला त्याच्या मुलाला त्या मठात प्रवेश होता काय, हा प्रश्न जोतीराव फुले यांच्यानंतरच्या महाराष्ट्रात विचारलाच पाहिजे. ‘अधिकारी व्यक्तीलाच प्रवेश’ हे गुप्त ग्रंथालयाच्या कथेतील वाक्य परलोकाविषयीचे वाटते. आपल्या समाजात ते शतकानुशतके इहलोकीचे होते, आणि त्याचा अर्थ जन्माने ठरत होता. गुप्त ज्ञानाचे आकर्षण वाटणाऱ्या अभ्यासकाने ही बाजू दृष्टिआड करणे योग्य नव्हे.

भास्कराचार्यांचे ज्ञान मात्र अशा मठातही कोंडून राहिले नाही. ‘लीलावती’चे फार्सी भाषांतर अकबराच्या आज्ञेने फैझीने १५८७ मध्ये केले आणि १८१७ मध्ये कोलब्रुकचे इंग्रजी भाषांतर आले. जे ज्ञान शिकविण्यासाठी लिहिले गेले होते ते भाषा ओलांडत गेले. त्याला लुप्त म्हणणे हा त्या ग्रंथाच्या टीकाकारांवर आणि भाषांतरकारांवर अन्याय आहे.

सकळ लिपी : कुलुपामागची मराठी

गुप्त ज्ञानाच्या प्रत्यक्ष ग्रंथसंग्रहाचे महाराष्ट्रातील सर्वांत महत्त्वाचे उदाहरण महानुभाव पंथाचे आहे. खानदेशातही कनाशीसारखी पंथाची स्थाने आहेत. येथे कल्पनेची गरजच नाही. सांकेतिक लिपीत बंद केलेले ग्रंथ, ते वाचण्याची किल्ली केवळ दीक्षितांकडे आणि बाहेरच्या जगात त्याविषयी तर्ककुतर्क, ही सर्व सामग्री कादंबरीला शोभेल अशी आहे.

या इतिहासातील विसंगती लक्षणीय आहे. म्हाइंभटाने चक्रधरस्वामींच्या लीळा ज्यांनी पाहिल्या-ऐकल्या त्यांच्याकडे जाऊन, गावोगाव हिंडून गोळा केल्या आणि नागदेवाचार्यांकडून त्या पडताळून घेतल्या. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धातील हे कार्य आजच्या क्षेत्रीय अभ्यासाच्या शिस्तीला उतरणारे आहे. ग्रंथरचना संस्कृतात करण्याची इच्छा धरणाऱ्या केशोबासांना नागदेवाचार्यांनी परावृत्त केले, कारण त्यामुळे पंथातील सामान्य स्त्रिया ज्ञानाला मुकल्या असत्या. ज्ञान म्हातारीलाही कळावे म्हणून ज्या पंथाने मराठी स्वीकारली, त्याच पंथाने पुढे ती मराठी सकळ, सुंदरी अशा लिप्यांच्या कुलुपात ठेवली. अक्षराच्या जागी ठरलेले दुसरे अक्षर योजण्याची ही रीत मुळात साधी आहे, परंतु संकेत ठाऊक नसलेल्या वाचकाला ती पूर्ण अडविते.

पंथाची बाजू समजून घेतली पाहिजे. पाठात भेसळ होऊ नये, श्रद्धेय वचनांची टवाळी होऊ नये, आणि राजकीय धामधुमीत मूळ पोथ्या गमावल्याचा अनुभव गाठीशी असावा, ही कारणे परंपरेत सांगितली जातात. पोथी गेल्यावर लीळा पुन्हा स्मरणातून उभ्या कराव्या लागल्या आणि त्यामुळे भिन्न पाठ निर्माण झाले. त्यांपैकी एक पाठ हिराइसा या स्त्रीच्या नावाने ओळखला जातो. ग्रंथ नष्ट झाला तेव्हा ग्रंथालय म्हणून जे उरले ते माणसांचे स्मरण होते आणि त्यात एका स्त्रीचा वाटा होता, ही बाब वाङ्मयेतिहासात अजून पुरेशी ठळक झालेली नाही.

विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे, वि. ल. भावे, य. खु. देशपांडे आदी संशोधकांच्या प्रयत्नांनी हे वाङ्मय अभ्यासकांसमोर येऊ लागले. ह. ना. नेने यांनी आणि पुढे वि. भि. कोलते यांनी (१९७८) ‘लीळाचरित्र’ संपादित केले. कुलूप उघडल्यावर आत काय सापडले? मंत्रतंत्र नव्हे, भविष्यही नव्हे. बोलकी, छोट्या वाक्यांची, जेवणाखाणाचे, वाटचालीचे, रुसव्याफुगव्याचे आणि बोधाचे प्रसंग सांगणारी तेराव्या शतकातील मराठी गद्यभाषा सापडली. मराठी वाङ्मयाचा इतिहास त्यामुळे नव्याने लिहावा लागला. लिपीने ग्रंथ राखले हे जितके खरे, तितकेच मराठी भाषकांच्या अनेक पिढ्या आपल्याच आद्य गद्याला मुकल्या हेही खरे. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी मान्य केल्या तरच गुप्ततेचे मोल नीट मांडता येते.

धुळे : रुमालात बांधलेले ग्रंथालय

राजवाडे यांचे निधन ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात झाले आणि १९२७ मध्ये त्यांच्या नावाने राजवाडे संशोधन मंडळ तेथे स्थापन झाले. ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड १८९८ चा. त्यानंतर २२ खंडांपर्यंत गेलेल्या या कार्यामागे वाड्यावाड्यांतून, माळ्यांवरून, अडगळीतून दप्तरे मिळविण्यासाठी केलेली पायपीट आहे. त्याच गावात सत्कार्योत्तेजक सभेच्या (१८९३) माध्यमातून शंकर श्रीकृष्ण देव यांनी रामदासी मठांतील बाडे जमविली, डोमगावच्या मठातील कल्याणस्वामींच्या हातच्या प्रतीवरून १९०५ मध्ये ‘दासबोध’ प्रसिद्ध केला आणि पुढे श्री समर्थ वाग्देवता मंदिर उभे केले. हस्तलिखितांच्या संग्रहाला ‘मंदिर’ म्हणण्यात देवांची श्रद्धा दिसते. मात्र देवांनी त्या श्रद्धेपोटी पोथ्या गाभाऱ्यात ठेवल्या नाहीत, त्या छापल्या. राजवाडे आणि देव यांच्या भूमिकांत अंतर होते, स्वभावांत तर होतेच. तरी कागद वाचून दुसऱ्याच्या हाती द्यावयाचा असतो याबाबत दोघांत मतभेद नव्हता.

आज प्रश्न आहे तो याच वाचण्याचा. मराठी अंमलातील कागदपत्रे मुख्यतः मोडीत आहेत. छपाईने बालबोधला पसंती दिली आणि स्वातंत्र्योत्तर काळात शालेय अभ्यासक्रमातूनही मोडी गेली. मोडी वाचणे म्हणजे केवळ मुळाक्षरे ओळखणे नव्हे. दोन शब्दांत जागा सोडलेली नसते, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद बहुधा पाळलेला नसतो, बोरू न उचलता लिहिल्यामुळे अक्षरे एकमेकांत गुंततात. त्यात फार्सी-अरबी शब्द, ठरलेली संक्षेपरूपे, आणि अरबी संख्यावाचकांत लिहिलेला शुहूर सन, ज्यात ५९९ किंवा ६०० मिळविल्यावर इसवी सन निघतो. पुराभिलेख संचालनालयाच्या प्रशिक्षण वर्गांतून अक्षरओळख होते. सरावाने कागद वाचता येण्यास त्यानंतर वर्षे जातात. पुण्याच्या पेशवे दप्तरातून गो. स. सरदेसाई यांनी १९३० ते १९३४ या काळात ४५ खंड काढले, ते वाचनाची ही शिस्त अंगी मुरलेल्या सहकाऱ्यांच्या जोरावर.

बोर्हेसच्या ग्रंथालयात अर्थ हरवतो तो ग्रंथांच्या अतिरेकाने. धुळ्याच्या किंवा पुण्याच्या रुमालात बांधलेले कागद मात्र नेमके, सार्थ आणि बहुतांशी दिनांकित आहेत. त्यांत जमिनीचे तंटे आहेत, दुष्काळातील सूट आहे, वतनाची भांडणे आहेत. ते अगम्य झाले आहेत ते वाचणारा उरला नाही म्हणून. सांकेतिक लिपी हेतुपुरस्सर निर्माण करावी लागते. मोडीच्या बाबतीत समाजाने एक सर्वपरिचित लिपी दोन पिढ्यांत गुप्त करून दाखविली, तीही कोणाचा तसा हेतू नसताना.

केंद्र शासनाने २००३ मध्ये राष्ट्रीय पांडुलिपी मिशन सुरू केले. २०२५-२६ च्या अर्थसंकल्पात ‘ज्ञान भारतम्’ मिशनद्वारे एक कोटीहून अधिक हस्तलिखितांच्या सर्वेक्षणाची, नोंदणीची व जतनाची घोषणा झाली. हे स्वागतार्हच आहे. ५ जानेवारी २००४ रोजी भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरावर झालेला हल्ला ज्यांना आठवतो, त्यांना प्रतिमांकनाची निकड वेगळी सांगावी लागत नाही. प्रत्यक्षातील पोथी फाटते, भिजते, जळते आणि जमावाच्या हातीही लागते. तथापि प्रतिमांकित केलेला मोडी कागद न वाचता संगणकात राहिला, तर तो रुमालातून निघून दुसऱ्या रुमालात गेला एवढाच बदल होतो. जतनाच्या योजनांत वाचकाच्या प्रशिक्षणाचा वाटा किती, हा त्या योजनांच्या मूल्यमापनाचा पहिला निकष असावयास हवा.

या चर्चेत बहिणाबाई चौधरी (१८८०-१९५१) यांचे स्मरण अपरिहार्य आहे. जळगाव येथे १९९० मध्ये स्थापन झालेल्या उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाला २०१८ पासून ज्यांचे नाव आहे, त्या बहिणाबाईंना लिहिता-वाचता येत नव्हते. घरोट्याशी, शेतात, कामाच्या ओघात त्या गात. पुत्र सोपानदेव आणि एका आप्ताने टिपून ठेवली तेवढी गाणी मागे राहिली, आणि आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह १९५२ मध्ये ती पुस्तकरूपाने आली. जी टिपली गेली नाहीत ती गेली. ती कोणी लपविली नव्हती; उलट ती रोज मोठ्याने गायिली जात होती आणि ऐकणारे घरातच होते. गुणाढ्याच्या राजाने निदान ग्रंथ हातात घेऊन नाकारला. येथे हे वाङ्मय आहे, हेच पुष्कळांच्या ध्यानात आले नाही.

भारतीय ज्ञानप्रणालीच्या अभ्यासक्रमात स्थानिक साधनांना वाव आहे. जळगाव जिल्ह्यातील महाविद्यालयाला पाटणचा शिलालेख अभ्यासासाठी घेण्यास कोणाच्या परवानगीची गरज नाही. त्याचे मुद्रित वाचन १८९२ पासून उपलब्ध आहे आणि शेवटचा मराठी भाग तर पदवीच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला थोड्या मदतीने लागू शकतो. धुळ्यातील महाविद्यालयांना मोडीचा एक कागद घेऊन वर्षभर बसता येईल. एका सत्रात विद्यार्थ्याला दोन-तीन कागद लागले, त्यांतील शुहूर सन त्याने स्वतः काढला आणि मजकुरातील गाव नकाशात शोधले, तरी त्या वर्षाचे काम झाले. अशा कागदांत सापडणारे गाव बहुधा एस. टी. ने तासाभराच्या अंतरावर असते.